भूमी, वाणी आणि स्मृती : पियेर पेरो यांच्या माहितीपटांचा एक अभ्यास

१. प्रश्नाचे स्वरूप

ज्या चित्रपटप्रकाराला मराठीत पूर्वी ‘अनुबोधपट’ म्हटले जाई आणि आता सामान्यतः ‘माहितीपट’ म्हटले जाते, त्याच्या या दोन्ही नावांत एक गृहीतक दडलेले आहे. चित्रपटकाराजवळ बोध किंवा माहिती आहे, प्रेक्षकाजवळ ती नाही आणि पडद्यावर दिसणारी माणसे ही ती माहिती पोचविण्याचे साधन आहेत, असे हे गृहीतक होय. दूरदेशीच्या लोकजीवनावरील चित्रपटांना ते काही प्रमाणात लागू पडते. परंतु चित्रपटकार जेव्हा स्वतःच्याच भूमीचे आणि तेथील परंपरागत संस्कृतीचे चित्रण करू लागतो, तेव्हा जाणणारा आणि जाणले जाणारे यांतील अंतर तितकेसे स्पष्ट राहत नाही. त्यातच ती परंपरा व्यवहारातून नाहीशी झालेली असेल आणि केवळ वृद्धांच्या बोलण्यात उरली असेल, तर कॅमेऱ्याने नेमके काय टिपावयाचे, हा प्रश्न अधिकच अवघड होतो.

प्रस्तुत लेखात कॅनडातील क्वेबेक प्रांताचे कवी, नाटककार आणि माहितीपटकार पियेर पेरो (१९२७–१९९९) यांच्या कामाच्या आधारे या प्रश्नाचा विचार करावयाचा आहे. त्यासाठी मुख्य आधार म्हणून मिशेल ब्रो यांच्यासह त्यांनी केलेला १९६३ चा ‘पूर ला स्यूत द्यू मोंद’ हा चित्रपट घेतला आहे. या शीर्षकाचा आशय ‘जगरहाटी पुढे चालावी म्हणून’ असा सांगता येईल. पेरो यांच्या चित्रपटांत भूमी प्रकट होते ती मुख्यत्वे माणसांच्या वाणीतून, आणि लुप्त झालेली परंपरा पुन्हा करू पाहणाऱ्या माणसांची उघड नोंद ठेवण्यातच त्या चित्रणाचे सत्य आहे, असे येथे प्रतिपादन करावयाचे आहे. मौखिक कथन, बोली, सामूहिक स्मृती आणि कर्तृत्व हे ज्यांच्या अभ्यासाचे विषय आहेत त्या वाङ्मयाच्या विद्यार्थ्याला हा प्रश्न परका वाटू नये.

२. वाङ्मयीन व सामाजिक पार्श्वभूमी

पेरो यांचा जन्म माँट्रियल या महानगरातला. शिक्षण कायद्याचे, काही काळ त्यांनी वकिलीही केली. १९५० नंतरच्या दशकात तो व्यवसाय सोडून ते रेडिओ-कॅनडासाठी लेखन करू लागले. त्यांच्या पत्नी योलांद सिमार या सेंट लॉरेन्स नदीच्या उत्तर तीरावरील शार्लव्हुआ प्रदेशातल्या. त्यांच्यामुळे शहरात वाढलेल्या या कवीला नदीकाठच्या गावांची, तेथील नावाड्यांची, शेतकऱ्यांची आणि त्यांच्या बोलीची ओळख झाली. स्वभूमी ही पेरो यांना जन्मतःच हाती आलेली नव्हती, ती त्यांनी कानांनी मिळविली होती, ही गोष्ट पुढील विवेचनासाठी महत्त्वाची आहे. ध्वनिमुद्रण यंत्र घेऊन गावोगाव हिंडणे आणि लोकांना बोलू देणे, हा त्यांच्या कामाचा पाया होता. कॅमेरा त्यानंतर आला.

ज्या काळात हे घडत होते तो काळही ध्यानात घ्यावा लागतो. १७६३ च्या पॅरिस तहाने फ्रान्सची ही वसाहत ब्रिटनच्या ताब्यात गेली. तेव्हापासून येथील फ्रेंच भाषकांचे जीवन पॅरिशचे चर्च, शेती आणि भाषा यांच्या आधाराने टिकून राहिले होते. १९६० मध्ये झाँ लसाज यांचे सरकार सत्तेवर आले आणि ‘शांत क्रांती’ म्हणून ओळखले जाणारे परिवर्तन सुरू झाले. शिक्षण व आरोग्य या क्षेत्रांतील चर्चचे वर्चस्व ओसरले, वीजनिर्मितीचे राष्ट्रीयीकरण झाले, आणि ‘आपल्या घरात आपणच धनी’ ही आकांक्षा राजकारणाच्या केंद्रस्थानी आली. म्हणजे समाज जुने टाकून वेगाने पुढे निघालेला असतानाच पेरो वृद्धांकडे जाऊन जुने ऐकत होते. केवळ गतकातरता म्हणून याची बोळवण करता येणार नाही. आपण कोण, हे ठरवू पाहणाऱ्या समाजाला आपली भाषा आधी ऐकू यावी लागते, अशी त्यामागची धारणा दिसते.

तंत्राचा वाटाही येथे मोलाचा आहे. १९३९ मध्ये स्थापन झालेल्या कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाचे मुख्य कार्यालय १९५६ मध्ये ओटावाहून माँट्रियलला आले आणि फ्रेंच भाषक चित्रपटकारांना एकत्र येण्यास जागा मिळाली. हलके कॅमेरे व सहज नेता येणारी ध्वनिमुद्रण यंत्रे याच सुमारास उपलब्ध होत होती. मिशेल ब्रो यांनी १९५८ मध्ये झील ग्रू यांच्यासह ‘ले राकेतर’ हा लघुपट केला होता, तर झाँ रूश व एदगार मोरँ यांच्या १९६१ च्या ‘एका उन्हाळ्याचा वृत्तान्त’ या फ्रेंच चित्रपटाच्या छायाचित्रणातही त्यांचा सहभाग होता. माणूस चालत असताना, काम करीत असताना, भांडत असताना जे बोलतो ते त्याच क्षणी त्याच्या चेहऱ्यासह टिपणे आता शक्य झाले होते. पेरो यांचा ऐकणारा कान आणि ब्रो यांचा लोकांच्या मध्ये शिरणारा कॅमेरा यांच्या संयोगातून १९६३ चा चित्रपट घडला.

३. निवेदनाकडून वाणीकडे

हा संयोग होण्यापूर्वी १९५९-६० मध्ये रने बोनियेर यांच्यासह पेरो यांनी ‘ओ पेई द नफ-फ्रान्स’, म्हणजे ‘नवफ्रान्सच्या देशी’, ही तेरा लघुपटांची मालिका केली होती. सेंट लॉरेन्सचा उत्तर तीर, तेथील बेटे, हिवाळ्यातले बर्फ, लाकडी गलबतांची बांधणी, इनू या आदिवासी समाजाचे जीवन असे तिचे विषय. भूदृश्यांच्या दृष्टीने ही मालिका समृद्ध आहे. तथापि तिच्यात दृश्यांवर लेखकाचे काव्यमय निवेदन पसरलेले असते. माणसे कामे करताना दिसतात. त्यांच्या कामाचा अर्थ मात्र निवेदक सांगतो.

यांपैकी एक लघुपट इल-ओ-कूद्र या बेटाच्या रहिवाशांनी हिवाळ्यात बर्फाने भरलेली नदी होडीतून ओलांडण्याविषयीचा आहे. तीन वर्षांनंतर पेरो त्याच बेटावर परतले आणि त्यांनी निवेदन पूर्णपणे काढून टाकले. एकच स्थळ, एकच समाज आणि एकच चित्रपटकार असताना झालेला हा बदल अभ्यासकाने बारकाईने पाहण्याजोगा आहे. कवीने स्वतःचे शब्द मागे घेतले, कारण ज्यांच्याविषयी तो लिहीत होता त्यांचीच वाणी अधिक समर्थ आहे असे त्याला आढळले. भूदृश्याचे वर्णन करणारा बाहेरचा आवाज गेला की दृश्यालाही निराळा अर्थ येतो. नदी आता ‘सुंदर’ उरत नाही. तिची भरती केव्हा येते, चिखल कोठे धरतो, वारा कोणत्या बाजूचा, अशा बोलण्यातून ती कळत जाते. निसर्गवर्णन आणि निसर्गाशी व्यवहार करणाऱ्याची भाषा यांतील हा भेद ग्रामीण कादंबरीच्या वाचकाला सहज उमगेल.

४. बेलुगाची पकड : एक पुनरारंभ

इल-ओ-कूद्र हे क्वेबेक शहराच्या खालच्या अंगाला सेंट लॉरेन्सच्या पात्रातील एक लहान बेट. झाक कार्तिए हा फ्रेंच दर्यावर्दी १५३५ मध्ये येथे उतरला आणि तेथे दिसलेल्या हेझलनटच्या झाडांवरून त्याने बेटाला नाव दिले. या बेटावरील लोक पिढ्यान्‌पिढ्या बेलुगा हा पांढरा देवमासा पकडीत असत. प्राणिशास्त्र ज्याला बेलुगा म्हणते त्याला बेटावरच्या बोलीत ‘मार्स्वँ’ असे निराळे नाव आहे. त्याच्यापासून तेल व कातडे मिळे. १९२४ नंतर ही पकड बंद पडली.

पकडीची रीत भरती-ओहोटीच्या ज्ञानावर उभी होती. ओहोटीच्या वेळी उघड्या पडलेल्या चिखलात हजारो लवचीक काठ्या ओळीने रोवून एक विस्तीर्ण कुंपण तयार केले जाई. भरतीबरोबर लहान माशांचा पाठलाग करीत बेलुगा आत येई. पाणी ओसरू लागले की प्रवाहाने काठ्या हलू लागत. त्या हलणाऱ्या ओळीला बिचकून तो ती ओलांडीत नसे, वास्तविक दोन काठ्यांमधून निसटणे त्याला अशक्य नव्हते. पाणी उतरेपर्यंत तो आतच फिरत राही आणि अखेर उथळ पाण्यात अडके. या प्रकाराला जाळे लागत नाही. काठी कोठे रोवावी, केव्हा रोवावी, आणि हे सर्व कोणी कोणाबरोबर करावे, याचे ज्ञान मात्र लागते. आणि ते कोठेही लिहून ठेवलेले नव्हते.

चित्रपटकारांनी १९६२ मध्ये बेटावरील लोकांना ही पकड पुन्हा सुरू करण्यास प्रवृत्त केले. सुमारे अडतीस वर्षांचा खंड पडला होता. जुन्या काठ्यांच्या खुणा शोधण्यापासून आरंभ करावा लागला. ज्यांना रीत ठाऊक होती ते वृद्ध झाले होते, ज्यांच्या अंगात बळ होते त्यांना रीत ठाऊक नव्हती. लेओपोल्द त्रांब्ले यांनी या कामात पुढाकार घेतला. त्यांचे वडील अलेक्सी हे बेटावरील जुन्या स्मृतीचे अभिमानी राखणदार, तर ग्राँ-लुई आर्वे हे रंगून जाऊन कथा सांगणारे. बैठका, वाद, मध्यउपासकाळातील सोंगे, काठ्या रोवण्याचे कष्ट, प्रतीक्षा आणि शेवटी प्रत्यक्ष पकड, असा चित्रपटाचा क्रम आहे. पकडलेला बेलुगा मारला जात नाही. तो न्यूयॉर्कच्या मत्स्यालयाकडे जिवंत रवाना होतो. म्हणजे क्रिया जुनी असली तरी तिचे प्रयोजन बदलले आहे. तेल आणि कातडे यांची जागा शहरी प्रेक्षकांच्या कुतूहलाने घेतली आहे, आणि अलेक्सी स्वतः न्यूयॉर्कपर्यंत जातात हे दाखवून चित्रपट ही गोष्ट लपवीत नाही.

पुनरारंभ आपल्या प्रेरणेने झाला हेही आरंभीच्या अक्षरपाटीवर सांगितलेले आहे. स्मृती पुढे चालू राहावी यासाठी लोकांनी हे केले, असेही तेथे नोंदविले आहे. प्रेक्षकाने पुढे जे पाहावयाचे ते या कबुलीसह पाहावयाचे आहे.

५. फ्लाहर्टी यांच्याशी तुलना

या कबुलीचे मोल रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या चित्रपटांशी तुलना केली असता स्पष्ट होते. या अमेरिकन चित्रपटकाराचा १९२२ चा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा क्वेबेकच्याच उत्तर भागातील इन्युइट जीवनावरचा चित्रपट माहितीपटाच्या इतिहासात आद्य मानला जातो. त्यातील नायकाचे खरे नाव अल्लाकारियालाक होते. बंदुका वापरात आलेल्या असताना शिकारीची जुनी पद्धत दाखविली गेली. आतील दृश्यांना उजेड मिळावा म्हणून बर्फाचे घर अर्धे उघडे बांधले गेले. १९३४ च्या ‘मॅन ऑफ ॲरन’मध्ये आयर्लंडच्या बेटावरील लोकांकडून शार्क माशाची शिकार करविली गेली. ती अनेक दशकांपूर्वीच बंद पडलेली असल्याने लोकांना तिचे शिक्षण द्यावे लागले. पडद्यावर मात्र ती चालू काळातील जीवनरीत म्हणून येते.

बंद पडलेली पकड पुन्हा करविणे या दृष्टीने पाहता ॲरन आणि इल-ओ-कूद्र यांत साम्य आहे. भेद काळाच्या हाताळणीत आहे. फ्लाहर्टी भूतकाळाला वर्तमान म्हणून सादर करतात. त्यामुळे त्यांची माणसे काळाबाहेर उभी राहतात आणि महाकाव्यातील पात्रांसारखी भव्य परंतु मूक होतात. पेरो दोन काळांमधील फट उघडी ठेवतात. त्यांच्या माणसांना विसर पडतो, आठवते, ती एकमेकांची आठवण दुरुस्त करतात, चेष्टा करतात. जुनी गोष्ट पुन्हा करावी का, कशासाठी करावी, यावर बेटावरच मतभेद होतात. परंपरा ही येथे वस्तू म्हणून येत नाही. ती चर्चेचा आणि निर्णयाचा विषय म्हणून येते. फ्लाहर्टी बाहेरचे आणि पेरो आतले, एवढ्यावर हा भेद स्पष्ट होत नाही. आतला चित्रपटकारही आपल्या लोकांना मूक करू शकतो, आणि १९५९-६० च्या निवेदनयुक्त मालिकेत पेरो स्वतः काही अंशी तेच करीत होते.

६. दंतकथा, वाद आणि भूमीचा हक्क

फ्रेंच तत्त्वज्ञ झील दलझ यांनी चित्रपटावरील आपल्या १९८५ च्या ग्रंथात पेरो यांची चर्चा केली आहे. तिचा सारांश असा की, पेरो यांचा चित्रपट आधीच घडून तयार असलेल्या लोकसमूहाचे प्रतिबिंब दाखवीत नाही. खरीखुरी माणसे स्वतःची दंतकथा रचीत असतानाच्या क्षणी तो त्यांना पकडतो, आणि त्या रचण्यातून लोकसमूह घडत जातो. हे मत स्वीकारले तर अलेक्सी किंवा ग्राँ-लुई यांचे प्रत्येक विधान ऐतिहासिकदृष्ट्या अचूक आहे काय, हा प्रश्न दुय्यम ठरतो. सांगण्याच्या क्रियेलाच महत्त्व येते.

परंतु येथे सावध राहणे आवश्यक आहे. चित्रपटातील सर्वांत अर्थपूर्ण वाद पकडीच्या उगमाविषयीचा आहे. ही रीत फ्रान्समधून आलेल्या पूर्वजांनी आणली, की येथल्या आदिवासींकडून ती घेतली? अलेक्सी कार्तिएच्या प्रवासवृत्तान्ताचा आधार घेऊन पूर्वजांची बाजू लढवितात, इतरांना ते मान्य होत नाही, आणि चित्रपट निवाडा देत नाही. वरवर पाहता ही वृद्धांची हौशी तकरार वाटेल. वस्तुतः तीत या भूमीवर प्रथम हक्क कोणाचा, हाच प्रश्न गुंतलेला आहे. दंतकथेतून लोकसमूह घडतो हे खरे. त्याच दंतकथेतून दुसरा एखादा समूह वगळलाही जातो. १९६३ च्या चित्रपटात आदिवासींचा उल्लेख होतो, पण त्यांचा आवाज ऐकू येत नाही.

ही उणीव पेरो यांना जाणवली असावी असे त्यांच्या पुढील कामावरून म्हणता येते. १९६७ च्या ‘ल रेन्य द्यू झूर’मध्ये अलेक्सी आणि त्यांच्या पत्नी मारी पूर्वजांच्या शोधात फ्रान्सला जातात. ज्या मूळ भूमीचा अभिमान बाळगला ती प्रत्यक्षात परकी वाटते, आणि आपली भूमी बेटच आहे हे उमगते. पहिल्या चित्रपटात स्त्रियांचा आवाज क्षीण होता. येथे मारी यांच्या बोलण्याला स्वतंत्र वजन प्राप्त होते. १९६८ च्या ‘ले व्हुआत्यूर दो’मध्ये बेटावरील लाकडी गलबतांचा अस्त हा विषय येतो, आणि स्मृतीच्या जोडीला मालवाहतुकीचे अर्थकारण उभे राहते. १९७० च्या ‘अँ पेई साँ बों साँस’मध्ये ‘देश’ या शब्दाचाच शोध आहे, तर १९७७ च्या ‘ल गू द ला फारीन’ आणि १९८० च्या ‘ल मुशुआनिपी’ या चित्रपटांत ते इनू लोकांच्या भूमीकडे वळतात. ‘माझा देश’ म्हणणाऱ्या फ्रेंच भाषकाला तेथे आपल्याहून जुन्या देशाशी सामना करावा लागतो. बेटावरच्या वादात अनिर्णित राहिलेला प्रश्न अशा रीतीने त्यांच्या कामाला पुढे नेत राहिला.

निसर्गाच्या बाबतीतही काळाने चित्रपटाचा अर्थ बदलला आहे. सेंट लॉरेन्समधील बेलुगांच्या शिकारीवर १९७९ मध्ये बंदी आली. आज तेथील बेलुगा संकटग्रस्त मानले जातात. १९६२ चा पुनरारंभ त्यामुळे त्याच रीतीने पुन्हा होणे नाही. ज्या ज्ञानाची नोंद झाली ते ज्ञान आता वापरता येणार नाही, तरीही ते जाणून घेण्याजोगे आहे. परंपरा जतन करण्याच्या सरसकट आग्रहाला हा एक गंभीर प्रतिप्रश्न आहे. काही रीती स्मृतीतच सांभाळाव्या लागतात.

७. वाङ्मयाच्या अभ्यासकासाठी काही मुद्दे

पेरो यांनी आपल्या काही चित्रपटांतील संभाषणे लिखित स्वरूपात ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली. ‘ल रेन्य द्यू झूर’चे पुस्तक १९६८ मध्ये आले आणि ‘पूर ला स्यूत द्यू मोंद’चे १९९२ मध्ये. त्यामुळे बेटावरील बोली प्रथम ध्वनिफितीवर, नंतर पडद्यावर आणि शेवटी छापील पानावर असा प्रवास करते. या ग्रंथांचा कर्ता कोण मानावयाचा? शब्द अलेक्सी, मारी, ग्राँ-लुई यांचे; निवड, क्रम आणि विराम पेरो यांचे. ब्रो यांच्या कॅमेऱ्याने आणि मार्सेल कार्येर यांच्या ध्वनिमुद्रणाने ते शब्द मिळविलेले. सामूहिक कर्तृत्वाची संकल्पना येथे अमूर्त न राहता प्रत्यक्ष तपासता येते.

आपल्याकडे लोकसाहित्याचे संकलन करणाऱ्या विद्यार्थ्यांसाठी यातून तीन गोष्टी निष्पन्न होतात. पहिली, संकलकाच्या उपस्थितीने सांगणे घडते आणि बदलते. ही उपस्थिती टिपणांतून पुसून टाकण्यापेक्षा नोंदविणे अधिक शास्त्रीय होय. विशेषतः विनंतीवरून म्हटलेले गीत आणि कामाच्या ओघात म्हटलेले गीत यांतील फरक नमूद झाला पाहिजे. दुसरी, निवेदकांमधील मतभेद ही संकलनातील अडचण मानून एकच ‘शुद्ध’ पाठ सिद्ध करण्याची घाई करू नये. समूहाचे अंतरंग अनेकदा त्या मतभेदातच दिसते. तिसरी, बोलीतील शब्दाला प्रमाणभाषेतील प्रतिशब्द देऊन काम संपत नाही. ‘मार्स्वँ’ म्हणणारा आणि ‘बेलुगा’ म्हणणारा एकाच प्राण्याकडे पाहत असले, तरी पहिल्याच्या शब्दात कुंपण, ओहोटी आणि आजोबांची आठवण सामावलेली असते.

८. समारोप

स्वभूमीचे चित्रण करणाऱ्या कलावंतासमोर दोन मोह असतात. एक, भूदृश्याला शोभा म्हणून मांडण्याचा; दुसरा, परंपरेला अखंड म्हणून मिरविण्याचा. पेरो यांनी पहिला मोह स्वतःचे निवेदन सोडून टाळला आणि दुसरा मोह परंपरेतील खंड उघडपणे सांगून टाळला. त्यांच्या कामात मर्यादा आहेत. विशेषतः कोणाची वाणी ऐकली गेली आणि कोणाची राहिली, हा प्रश्न त्यांना विचारावाच लागतो. मात्र तो विचारण्याची सामग्री त्यांच्याच चित्रपटांत सापडते. १९६३ मध्ये कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात दाखविला गेलेला हा चित्रपट आज सहा दशकांनंतरही अभ्यसनीय राहिला आहे, याचे श्रेय बेलुगाच्या पकडीपेक्षा तिच्याविषयी बेटावर झालेल्या बोलण्याला अधिक द्यावे लागेल. त्या बोलण्यातूनच नदी, चिखल आणि काठ्या यांची भूमी होते.